आईच्या साडेसातच्या मालिकेबद्दल, जरा सविस्तर

तुळशीकट्टा | रविवार, रात्री १०:१५

गेल्या रविवारी आमच्याकडे सत्यनारायण होता. जेवणं उरकली, गप्पा रंगल्या होत्या, आणि सात वाजून गेले तशी आई हळूच उठून आतल्या खोलीत निघाली. चुलतभाऊ सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "काकूंच्या रडारडीची वेळ झाली." सगळे हसले. मीही हसले. आईने ऐकलं होतं. दार लोटताना तिने माझ्याकडे एकदा पाहिलं, तेवढं मला आठवडाभर पुरलं आहे. म्हणून हा धागा.

आई ७२ वर्षांची. सगळं आयुष्य मिरजेत गेलं. २०२० च्या फेब्रुवारीत बाबा गेले आणि मी तिला डोंबिवलीला घेऊन आले. महिनाभरात टाळेबंदी लागली. नवऱ्याचं जाणं, अनोळखी शहर, चौथ्या मजल्यावरचा बंद दरवाजा, आणि मी व नवरा दिवसभर लॅपटॉपसमोर. शेजारीण कोण, हेही तिला दिवाळीपर्यंत माहीत नव्हतं. तेव्हा चित्रीकरणं थांबली होती, वाहिन्या जुनेच भाग पुन्हा दाखवत होत्या. तिने ते बघायला सुरुवात केली. 'आई कुठे काय करते' तिथेच लागली. डिसेंबर २०१९ मध्ये सुरू झालेली ती मालिका नोव्हेंबर २०२४ मध्ये संपेपर्यंत तिने क्वचितच चुकवली असेल.

मी संध्याकाळी काम मिटवून तिच्या शेजारी बसायचे. बहुतेक वेळा मोबाइल बघत. मालिकेतल्या अरुंधतीचा घटस्फोट झाला त्या आठवड्यातली गोष्ट. जाहिराती लागल्या आणि आई पडद्यावरची नजर न काढता म्हणाली, "मी पण गेले होते की घर सोडून. ब्याऐंशी साली."

मी तेव्हा चार वर्षांची होते. मला ते दिवस आठवतात, आणि फार चांगले म्हणून आठवतात. इचलकरंजीला मामाचं घर, मागची पडवी, मामाने वर्तमानपत्राची करून दिलेली होडी. माझ्या डोक्यात ती 'मे महिन्याची सुट्टी' म्हणून बसली होती. फक्त त्या सुट्टीत सारखा पाऊस होता. मे महिन्यात एवढा पाऊस कसा, हे कोडं मला मोठेपणीही सुटलं नव्हतं.

तो ऑगस्ट होता. बाबांनी भरल्या ताटावरून उठवून तिच्यावर हात उचलला होता. ती आम्हा दोघा भावंडांना घेऊन एसटीत बसली. अकराव्या दिवशी मामाच तिला परत आणून सोडून गेला, घरातलं घरात ठेव म्हणून. बाबांनी त्यानंतर कधी हात उचलला नाही. पण त्या अकरा दिवसांबद्दल आमच्या घरात पुढची एकोणचाळीस वर्षं कुणी अवाक्षर काढलं नाही.

जाहिराती संपल्या तशी ती गप्प झाली. पुढच्या ब्रेकला पुढचं सांगितलं. असं तीन-चार संध्याकाळी, जाहिरातींच्या तुकड्यातुकड्यांत, तिने मला सगळं सांगितलं. दोघींची तोंडं टीव्हीकडे. समोरासमोर बसवून मी विचारलं असतं तर तिने पदराने तोंड पुसलं असतं आणि चहा टाकायला उठली असती, हे मला नक्की माहीत आहे.

मला मालिकांची वकिली करायची नाही. बाईने किती सोसलं यावर तिचं मोठेपण मोजणाऱ्या कथा मलाही चीड आणतात. मंगळसूत्रावरून तीन-तीन आठवडे चालणारे गोंधळ बघवत नाहीत. पण मनोरंजन म्हटलं की आपण 'वेळ घालवणं' असं धरून चालतो, आणि बघणाऱ्याला बिनडोक ठरवून मोकळे होतो. माझ्या आईला त्या मालिकेने एक आडोसा दिला. दुसऱ्या कुणा बाईबद्दल बोलता बोलता स्वतःबद्दल बोलण्याचा. ओव्या म्हणताना जात्यावरच्या बायका हेच करत असतील, असं मला वाटत राहतं.

तुमच्या घरात काय चित्र आहे? खरं लिहा.

परसदार | रविवार, रात्री ११:०२

लेख वाचून थोडा वेळ काहीच सुचलं नाही. आईंना नमस्कार सांगा.

नदीकाठ | सोमवार, सकाळी ७:४०

अनुभव मनापासून पोचला. तरी माझं मत वेगळं आहे आणि ते मांडतो, राग नसावा.

मी आमच्या तालुक्याच्या गावी एका व्याख्यानमालेचं काम गेली पंचवीस वर्षं करतोय. पुण्याची वसंत व्याख्यानमाला न्यायमूर्ती रानड्यांनी १८७५ मध्ये सुरू केली, तिचं बघून गावोगावी अशा माला निघाल्या, त्यातलीच आमची एक. पूर्वी सतरंज्या कमी पडायच्या. आता दोनशे खुर्च्या मांडतो आणि साठ भरतात. वेळ संध्याकाळी सातची. सात ते दहा हा सगळा पट्टा मालिकांनी घेतला. आम्ही वेळ सहाची करून पाहिली, तेव्हा नोकरदार येईनात.

कीर्तन असो, नाटक असो, तमाशा असो, त्यासाठी माणूस घराबाहेर पडायचा. अनोळखी माणसाच्या मांडीला मांडी लावून बसायचा. परत येताना वाटेत वाद घालायचा. ती सवय मोडली. करमणूक घरात आली आणि गाव घराबाहेर राहिलं. हे नुकसान मला फार मोठं वाटतं आणि त्याबद्दल कुणी बोलत नाही.

तांबडापांढरा | सोमवार, सकाळी ९:२५

आमच्या कोल्हापूरकडची बाजू सांगतो. २०१६ ला 'तुझ्यात जीव रंगला' सुरू झालं. चित्रीकरण आमच्या शेजारच्या वसगड्यात. वाडा बघायला कुठनं कुठनं माणसं यायची, गाड्या लावायला जागा नसायची. चहावाले, भेळवाले, सगळ्यांचं चाललं.

पण मला वेगळंच सांगायचंय. मी पुण्यात कॉलेजला होतो तेव्हा "लई" म्हटलं की पोरं वळून बघायची. सरांनी एकदा वर्गात माझं वाक्य 'शुद्ध' करून परत म्हणायला लावलं होतं. तीस वर्षं झाली, विसरलो नाही. आणि मग टीव्हीवर पैलवान हिरो "चालतंय की" म्हणतोय आणि मुंबईपुण्याची पोरंबी तेच म्हणायला लागली. माझ्या पोरीला पुण्यात तिच्या बोलण्याची लाज वाटली नाही. त्या मालिकेतली कथा पुढं पुढं कशीबी वाहवत गेली, ते मान्य. पण हे झालं ते झालं.

त्याच वर्षी 'रात्रीस खेळ चाले' मधनं मालवणी घराघरांत गेली. भुताखेतांवरनं कोकणात नाराजी झाली ती योग्यच होती म्हणा. पण बोली ऐकून मालवणची माझी मेव्हणी रडली होती, ते मी डोळ्यांनी बघितलंय.

परसदार | सोमवार, सकाळी ९:५८

बोलीबद्दल +१. पण प्रमाण मराठीचं काय करायचं? आम्ही न्यू जर्सीत आहोत. माझी मुलगी आजीबरोबर व्हिडिओ कॉलवर गप्पा मारता याव्यात म्हणून मालिका बघून मराठी शिकली, त्याबद्दल मी खरंच ऋणी आहे. पण ती "माझी मदत कर" म्हणते. "मला मदत कर" असं सांगितलं तर म्हणते, टीव्हीवर असंच बोलतात. आजी दर वेळी दुरुस्त करते आणि दर वेळी हरते.

पडद्यामागे | सोमवार, दुपारी ३:१०

मी अकरा वर्षं मालिकांचे संवाद लिहितो. नाव सांगत नाही, पोट त्यावर आहे.

परसदार, तुमच्या मुलीच्या "माझी मदत कर" ची अर्धी जबाबदारी माझ्यासारख्यांची आहे. पुष्कळशा मराठी मालिका दुसऱ्या भाषेतून घेतलेल्या असतात. धाग्यात जिचं नाव आलंय तीही मुळात 'श्रीमोयी' या बंगाली मालिकेवरची, आणि हिंदीतली 'अनुपमा' त्याच मुळाची. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. पटकथा माझ्याकडे कधी हिंदीत येते, कधी इंग्रजीत. ती रात्री दहाला येते आणि सकाळी नऊचा कॉल टाइम असतो. महिन्याला पंचवीसच्या वर भाग लागतात. हाताशी तयार भागांची 'बँक' असेल तर नीट लिहिता येतं. बँक संपली की सकाळी लिहिलेला सीन दुपारी चित्रित होतो. तिथे हिंदीचं वाक्य मराठी प्रत्यय लावून उतरतं. मला ते दिसतं, पण थांबता येत नाही. हे समर्थन म्हणून लिहीत नाही, कसं घडतं ते लिहितोय. आणि या कामाचे पैसे नव्वद दिवसांनी मिळतात, तेही मिळाले तर.

आता पाल्हाळाबद्दल. नव्या लेखकाला आमच्याकडे पहिल्या दिवशी सांगतात की आपली प्रेक्षक बघत नसते, ऐकत असते. साडेसातला ती ओट्याशी उभी असते. पोळ्या चालू असतात, कुकरची शिट्टी मध्येच येते. म्हणून पात्रं एकमेकांना सारखी नावाने हाक मारतात, काल घडलेलं आज पुन्हा बोलून दाखवतात. धक्क्याच्या जागी तीनदा वाजणारं संगीत असतं ना, ते कणकेत हात असलेल्या बाईने मान वर करावी म्हणून असतं. सोफ्यावर निवांत बसून बघणाऱ्याला ते हास्यास्पद वाटतं, कारण ते त्याच्यासाठी लिहिलेलंच नाही.

आणि सोसण्याबद्दल. आमचा कारभार गुरुवारी ठरतो, कारण गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात. देशात टीव्ही असलेली घरं एकवीस कोटींच्या आसपास, आणि मोजणीचा मीटर बसवलेली घरं पन्नास हजारांच्या थोडी पुढे. त्यातली मराठी बघणारी किती, तुम्हीच अंदाज करा. त्या घरांत मिनिटामिनिटाला काय चालू होतं याचा आलेख चॅनेलच्या टेबलावर येतो. नायिका नोकरीवर रुजू होते तिथे रेघ खाली बसते, तिला रात्री घराबाहेर काढलं की वर उठते. दोनदा असं झालं की तिसऱ्यांदा काय लिहायचं, हे लेखकाच्या हातात राहत नाही.

ब्रेकच्या आधी 'हुक' ठेवणं हे तर आमचं रोजचं काम. त्या तीन मिनिटांत बाईने चॅनेल बदलू नये, एवढीच काळजी असते. त्या तीन मिनिटांत एखाद्या घरात एकोणचाळीस वर्षांचं गप्प बसणं सुटत असेल, हे माझ्या डोक्यात कधी आलं नव्हतं. तुळशीकट्टा, तुमचा धागा मी लेखनाच्या आमच्या गटात वाचून दाखवला.

संधिप्रकाश | सोमवार, रात्री ८:३०

जुन्या काळाची थोडी भर घालतो, कारण हा प्रश्न आपल्याकडे पहिल्या मालिकेपासून आहे.

'हम लोग' दूरदर्शनवर ७ जुलै १९८४ ला सुरू झाली. कल्पना आली होती मेक्सिकोहून. तिथे मिगेल साबिदो यांनी कौटुंबिक मालिकांतून कुटुंबनियोजन आणि साक्षरतेचा प्रचार केला होता. आपल्याकडेही तसंच करायचं ठरलं. पहिल्या तेरा भागांत कुटुंबनियोजनाचा उपदेश इतका होता की लोक कंटाळले, मग तो कमी करून कथा पुढे आणली आणि मालिकेने देश धरून ठेवला. भागाच्या शेवटी अशोककुमार येऊन दोन शब्द बोलायचे. आमच्या चाळीत एकच टीव्ही होता, त्यामुळे ते दोन शब्द तीस जण ऐकायचे.

त्या मालिकेत भागवंती नावाची आई होती. नवरा दारुडा, सासू बोलणारी, आणि ही सगळं मुकाट सोसणारी. बनवणाऱ्यांना दाखवायचं होतं की असं सोसू नये. पुढे अरविंद सिंघल आणि एव्हरेट रॉजर्स यांनी प्रेक्षकांचा अभ्यास केला, तेव्हा दिसलं की पुष्कळ बायकांनी भागवंतीलाच आदर्श मानलं होतं. लेखकाने एक सांगितलं, घराने दुसरंच घेतलं.

उलट बाजूचाही एक अभ्यास सांगतो. रॉबर्ट जेन्सन आणि एमिली ऑस्टर यांनी २००१ ते २००३ मधली माहिती घेऊन केबल टीव्ही पोचलेल्या गावांकडे पाहिलं. राज्यं बिहार, गोवा, हरियाणा, तमिळनाडू आणि सोबत दिल्ली. केबल आल्यावर 'नवऱ्याने मारलं तर चालतं' म्हणणाऱ्या बायका कमी झाल्या, मुलगाच हवा हा हट्ट कमी झाला, बाहेर जाण्यायेण्यात त्यांचं स्वातंत्र्य वाढलेलं दिसलं. २००९ मध्ये तो निबंध प्रसिद्ध झाला. तेव्हाही केबलवर सासू-सुनांच्याच मालिका होत्या, हे विसरू नका. पण त्या बायका शहरात राहत, एकट्या बाहेर पडत, मोठ्याने बोलत. गावातल्या बाईने कट-कारस्थान बाजूला ठेवून बहुधा तेवढं उचललं.

तुळशीकट्टा | सोमवार, रात्री ९:१५

संधिप्रकाश, भागवंतीचं वाचून धस्स झालं. आईलाही ती आवडायची.

नदीकाठ, तुमचं दुःख कळतं. पण एक विचारते. त्या सतरंज्यांवर बायका किती असायच्या? माझी आई मिरजेसारख्या गाण्याच्या गावात राहिली. दर्ग्याच्या उरुसात अब्दुल करीम खाँसाहेबांच्या स्मृतीत रात्र-रात्र गाणं होतं, घरापासून चालत जाण्यासारखं. ती एकदाही गेली नाही. बाबा जायचे. तमाशाला बाई जाण्याचा प्रश्नच नव्हता. हळदीकुंकू, नागपंचमी, लग्नं, एवढंच तिचं बाहेर. तुम्ही म्हणता करमणूक घरात आली आणि गाव बाहेर राहिलं. तिच्यापुरतं गाव आधीपासूनच बाहेर होतं. पहिल्यांदा काहीतरी तिच्याकडे चालत आलं.

नदीकाठ | मंगळवार, सकाळी ७:१५

रात्री जुने फोटो काढून बघितले. १९९८ च्या मालेचा एक फोटो आहे, भरगच्च सभेचा. बायका मोजल्या. डाव्या कोपऱ्यात अकरा, त्यातल्या दोन वक्त्यांच्या घरच्या. मी पंचवीस वर्षं तो फोटो 'गाव यायचं' म्हणून दाखवत आलो.

गाव घडवायला माणसं एकत्र बसली पाहिजेत, हे माझं म्हणणं कायम आहे. पण यंदा माला दुपारी साडेतीनला ठेवून बघायचा विचार आहे, आणि विषय ठरवताना चार बायकांना विचारणार आहे.

ओसरी | मंगळवार, दुपारी १:५०

मी पोलीस ठाण्यातल्या महिला व मुलांसाठीच्या विशेष कक्षात समुपदेशक आहे. मुंबईत हे काम १९८४ मध्ये टाटा समाजविज्ञान संस्थेने पोलिसांसोबत सुरू केलं, पुढे ते राज्यभर गेलं.

आमच्याकडे येणाऱ्या बाईला पहिलं वाक्य सापडत नाही. "माझा नवरा मारतो" हे शब्द सहसा आधी येत नाहीत. "ताई, त्या मालिकेत दाखवतात ना, तसं आमच्याकडे चाललंय," असं मी कितीदा ऐकलंय. त्यामुळे तुळशीकट्टा यांच्या आईंबद्दल वाचून मला आश्चर्य वाटलं नाही. मी स्वतः आता मालिका बघते, निदान गोष्टी माहीत असाव्यात म्हणून.

पण माझा राग दुसरीकडे आहे, आणि पडद्यामागे यांनी तो कृपा करून त्यांच्या गटात पोचवावा. मालिकेत सासू म्हणते, "हे घर माझं आहे, चालती हो," आणि नायिका पावसात बॅग घेऊन निघते. हे दृश्य मी शेकड्यांनी पाहिलंय. माझ्यासमोर बसलेल्या बायकांना वाटतं, कायदाच तसा आहे. तसा तो नाही. कौटुंबिक हिंसाचारापासून संरक्षणाचा कायदा २००५ चा, लागू झाला २६ ऑक्टोबर २००६ ला. त्यात सामायिक घरात राहण्याचा बाईचा हक्क लिहिलेला आहे, घर तिच्या नावावर असो वा नसो. सासऱ्याच्या नावावरचं घरही त्यात येऊ शकतं, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२० मध्ये सतीशचंदर आहुजा खटल्यात स्पष्ट केलं. नुसतं 'घर माझं' म्हणून तिला बाहेर काढता येत नाही, कायद्याची रीतसर प्रक्रिया लागते. संरक्षण अधिकारी नावाचा माणूस याच कामासाठी नेमलेला असतो. माझ्या पाहण्यात एकाही मालिकेत संरक्षण अधिकारी आलेला नाही. वीस वर्षं होत आली कायद्याला.

पावसातली बॅग दाखवा. पण पुढच्या भागात तिला १८१ या महिला हेल्पलाइनवर फोन करू द्या. माझ्या बायका तेही उचलतील.

पडद्यामागे | मंगळवार, दुपारी ४:३५

ओसरी, वाचलं. खरं सांगतो, संरक्षण अधिकारी हे पद मला आज कळलं. पुढच्या महिन्यात आमच्या ट्रॅकमध्ये नेमकं तेच, घराबाहेर काढणं, आहे. मान्य होईल की नाही माहीत नाही, पण सीन लिहून देतो. तुम्हाला वेळ असेल तर व्यक्तिगत निरोप पाठवतो, तिथल्या टेबलावर नेमकं काय बोलतात ते ऐकायचंय.

तांबडापांढरा | मंगळवार, सायंकाळी ५:०५

लिवाच. आम्ही बघतो.

तुळशीकट्टा | मंगळवार, सायंकाळी ७:२०

आज दुपारी आईला हा सगळा धागा वाचून दाखवला. तिची गोष्ट इथे लिहिण्याआधी तिची परवानगी घेतली होती, पण तुम्ही सगळे काय म्हणताय हे तिला माहीत नव्हतं. कणकेत हात असलेल्या बाईचं ऐकून हसली. नदीकाठ यांच्या अकरा बायकांवर म्हणाली, "मोजल्या तरी त्यांनी."

ओसरी, तिचा तुमच्यासाठी एक प्रश्न आहे. तिच्याच शब्दांत लिहिते: "त्या ताईंना विचार, हा कायदा ब्याऐंशी साली होता का?"

ओसरी | मंगळवार, सायंकाळी ७:४८

नव्हता. विवाहितेच्या छळाबद्दलचं ४९८अ हे कलम डिसेंबर १९८३ मध्ये आलं, आणि घरात राहण्याचा हक्क २००५ च्या कायद्याने. आईंना सांगा, त्या गेल्या तेव्हा त्यांच्यासाठी एसटी होती आणि माहेर होतं, बाकी काही नव्हतं.

तुळशीकट्टा | मंगळवार, रात्री ८:४०

सांगितलं. बराच वेळ बोटांवर काहीतरी मोजत बसली. मग म्हणाली, "मामाला फोन लाव."

मामा ८१ वर्षांचा आहे, त्याला नीट ऐकू येत नाही, मोठ्याने बोलावं लागतं. फोन लावून दिलाय. आत दार लोटून बसली आहे. टीव्ही बंद आहे आणि तिचा आवाज इथपर्यंत येतोय.